लेखन : मंडळ

साधना टिपणीस हिने पाच वर्षांत एकाहत्तर सिनेमे लिहिले आणि त्यांतल्या एकावरही तिचं नाव नव्हतं. सिनेमे म्हणजे आपले चार-पाच मिनिटांचे, मुके, हातातल्या कॅमेऱ्यावर घेतलेले आणि जर्मनीतल्या झिंडेलफिंगेनच्या मराठी मंडळात दाखवलेले. पण लिहिलेले ते लिहिलेलेच. बाकी सगळ्यांची नावं पडद्यावर येत. दिग्दर्शन : श्रीधर मुजुमदार. कॅमेरा : श्रीधर मुजुमदार. चहा व बटाटेवडे : ऊर्मिला मुजुमदार. एका वर्षी तर खुर्च्या मांडणाऱ्याचंही नाव झळकलं. आणि या सगळ्यांच्या मधे कुठेतरी अंग चोरून एक ओळ यायची : लेखन : मंडळ. आता मंडळ काय लिहिणार? मंडळाला बैठकीची साधी नोटीस धड लिहिता येत नव्हती.

याचं खापर फोडायचं तर ते साधनाच्या नवऱ्याच्या डोक्यावरच फोडायला हवं, आणि तो ते नाकारणारही नाही. पद्माकर टिपणीस २००१ च्या जानेवारीत बायको आणि नील-अन्वी या दोन मुलांसह पुण्याहून इथे आला, तो मोटारींच्या कारखान्यात दारांच्या रबरी सीलचा इंजिनीअर म्हणून. गाडीवर कितीही पाणी मारलं तरी एक थेंब आत येता कामा नये, हे बघणं त्याचं काम. माणसाचा धंदा हळूहळू माणसात उतरतो म्हणतात. पद्माकरच्या बाबतीत तो आधीच उतरलेला होता, कारखान्याने फक्त त्याचा पगार सुरू केला. दुधाने तोंड पोळलेला माणूस ताक फुंकून पितो. याचं तोंड जन्मात कशाने पोळलं नव्हतं, तरी हा पाणीसुद्धा फुंकून प्यायचा.

साधनाच्या पासपोर्टात व्हिसाबरोबर एक वाक्य छापून आलं होतं. त्यातला पहिला शब्द एवढा लांब, की तो उच्चारेपर्यंत बस निघून जावी : एरवेर्ब्सटेटिगकाइट निष्ट गेश्टाटेट. अर्थ सोपा होता. कमाईचं कोणतंही काम करायला परवानगी नाही. पुण्यात ती मुलींच्या शाळेत मराठी शिकवत होती आणि अकरा वर्षं गॅदरिंगच्या नाटुकल्या लिहीत होती. दरवर्षी गुलाबी पत्रिकेवर तिचं नाव छापून यायचं आणि ती पत्रिका सासूबाई फ्रीजवर लावायच्या. इथे आल्यावर दाराच्या घंटीवर टिपणीस, पत्रपेटीवर टिपणीस, डॉक्टरकडे फ्राउ टिपणीस. साधना म्हणून तिला कुणी ओळखेना, आणि हे तिला टोचायचं. तिने ते कधी कुणाला सांगितलं नाही, कारण सांगण्यासारखं ओळखीचंही कुणी नव्हतं.

त्या वर्षीच्या गणपतीत मंडळाने मुलांचं नाटक तिच्याकडे दिलं. मुलं इथेच वाढलेली. मराठी कळायचं सगळं, उत्तर यायचं जर्मनमधून. राजा झालेल्या मुलाने ‘प्रधानजी, राज्यात काय चाललंय?’ हे ऐन वेळी जर्मनमधून विचारलं. प्रधान ‘गेनाऊ’, म्हणजे ‘अगदी बरोबर’, म्हणाला, आणि सव्वा तासाचं नाटक चौथ्या मिनिटाला संपलं. पालकांनी टाळ्या वाजवल्या, कारण वडे गरम होते.

त्यानंतरच्या आठवड्यात साधना गावच्या वाचनालयात गेली. जर्मन वाचायची सवय व्हावी म्हणून ती चित्रांची पुस्तकं आणायची. त्या दिवशी हाताला लागलं ते अमेरिकेतल्या मुक्या सिनेमांचं एक जाडजूड पुस्तक. त्यात एका बाईंवर एक प्रकरण होतं. शब्दकोश मांडीवर घेऊन साधनाने ते नऊ दिवसांत वाचलं. सिनेमा नुकता रांगायला लागला होता तेव्हाची ही बाई. स्टुडिओतून सोमवारी निरोप यायचा : गुरुवारी आगीचा बंब भाड्याने मिळतोय, काहीतरी लिहा. बाई लिहायच्या. बंबाच्या जागी कधी हत्ती, कधी पडायला आलेलं घर. आठवड्याला दोन म्हणत तीनशेच्या वर सिनेमे झाले. जाहिरातीत नायकाचं नाव असे, नायकाच्या घोड्याचंही असे, बाईंचं नसे. म्हातारपणी कुणीतरी विचारलं, तुमचे कोणते? त्या म्हणाल्या, ज्यात कुत्रा शेवटी घरी परत येतो ते बहुतेक माझे.

साधनाला हसू आलं, आणि मग का कोण जाणे, वाईटही वाटलं. पण एक गोष्ट तिच्या डोक्यात पक्की बसली. मुक्या सिनेमात कुणाला पाठांतर लागत नाही.

पहिला सिनेमा तिला घरातच सापडला. या भागात जिन्याच्या साफसफाईची पाळी प्रत्येक घराकडे आठवड्याने येते. तिला केअरवोखे म्हणतात. ज्याची पाळी त्याच्या दारावर एक छोटी लाकडी पाटी लटकते. त्याने जिना झाडून-पुसून पाटी पुढच्या दाराला लावायची. टिपणिसांच्या दारावर ती पहिल्यांदा आली तेव्हा पद्माकरला वाटलं, ही इमारतीतर्फे आलेली स्वागताची पाटी. वाऱ्याने हलून आवाज करते म्हणून त्याने ती चार स्क्रूंनी दारावर पक्की बसवली. साधनाने तिला हळदकुंकू लावलं. सहा आठवडे इमारतीतल्या एकानेही झाडू उचलला नाही, कारण पाटी टिपणिसांकडे होती. शेवटी खालच्या मजल्यावरच्या हॉयझेल आजी स्क्रूड्रायव्हर घेऊन वर आल्या.

हेच तिने लिहिलं. सिनेमात हॉयझेल आजींनी स्वतःचं काम स्वतःच केलं आणि इतकं रागाने केलं, की चर्चच्या भाड्याच्या हॉलमध्ये लोक हसून हसून खुर्च्यांवरून घसरले. मुलांना संवाद नव्हते, त्यामुळे मुलं प्रथमच मनापासून मराठी सिनेमात होती.

मग काय, रीघ लागली. श्रीधर मुजुमदार मंडळाचा अध्यक्ष, मनाने चांगला, फक्त गळ्यात कॅमेरा अडकवला की त्याची मान ताठ व्हायची. त्याचा फोन यायचा, “वहिनी, शनिवारी आमच्या शेजाऱ्याची उंच शिडी मिळतेय. बघा ना काहीतरी!” साधना शिडी लिहायची. कुणाचं बारसं, कुणाची बदली, कुणी घर बदलताना रिकामी झालेली खोकी, कुणाची एक चाक नसलेली सायकल, सगळ्यावर सिनेमे झाले. लिहायला कागद म्हणजे मुलांच्या शाळेच्या सूचनांची आणि घरमालकाच्या पत्रांची पाठकोरी बाजू. एका कागदावर एक प्रसंग, आणि कुणी कुठे उभं राहायचं हे श्रीधरला शब्दांत कळत नसल्यामुळे खाली काड्यांची माणसं. असे सगळे कागद ती कपडे वाळवायच्या स्टँडवर चिमट्यांनी टांगायची आणि समोर उभी राहून एकेक काढून टाकायची. “कापा,” हा तिचा लाडका शब्द. पाच मिनिटांच्या वर एक सेकंद नाही. श्रीधरच्या स्वतःच्या एन्ट्रीची चाळीस सेकंदं तिने कापली, तेव्हा तो महिनाभर वहिनी म्हणायचा बंद झाला होता. गणपतीच्या आरतीचं सात मिनिटांचं चित्रण तिने दीड मिनिटावर आणलं. कुणीतरी कुरकुरलं, तर म्हणाली, “बाप्पांना घाई नाही, पण बसलेल्यांना आहे.”

सिनेमा झाला की स्टँडवरचे कागद पद्माकर उतरवायचा. “हे मी बघतो,” एवढंच म्हणायचा. साधना समजायची, कागदाच्या कचऱ्यात गेले.

नावाचा प्रश्न पहिल्याच सिनेमाच्या वेळी निघाला होता. श्रीधरने संगणकावर सरळ ‘लेखन : साधना टिपणीस’ टाकलं होतं. पद्माकरने ते बघितलं आणि त्याचा घास हातातच राहिला.

“काढ ते आधी.”

“अहो, का पण?” साधना म्हणाली.

“लेखन म्हणजे काम. पासपोर्टात काय लिहिलंय?”

“कमाईचं काम, असं लिहिलंय. मला कुठे कोण पैसे देतंय?”

“ते आउसलेंडरआम्टमध्ये सांगत बसणार आहेस का? पडद्यावर नाव म्हणजे पुरावा झाला. एका झाडूच्या सिनेमापायी चौघांना विमानात बसवतील.”

श्रीधर भिऊन बघत होता, कारण आउसलेंडरआम्ट, म्हणजे परदेशी लोकांच्या परवान्यांची कचेरी, हा शब्द ऐकला की मंडळात सगळेच भिऊन बघत. नाव गेलं, मंडळ आलं. साधना तेव्हा भांडली नाही. नव्या देशात पहिल्याच वर्षी नवऱ्याला घाबरवणं तिला बरं वाटलं नाही. व्हिसा दर दोन वर्षांनी नवा व्हायचा, आणि दर वेळी तेच वाक्य पुन्हा छापून यायचं. पडद्यावर लेखन : मंडळ आलं, की ती खाली बघून पिशवीत काहीतरी शोधायची.

२००६ च्या जुलैत दोन गोष्टी एकदम आल्या. फुटबॉलचा वर्ल्ड कप नुकताच संपला होता, गाड्यांवरचे झेंडे अजून उतरले नव्हते. टिपणिसांना कायमच्या परवान्यासाठी कचेरीत टेर्मीन, म्हणजे भेटीची ठरलेली वेळ, मिळाली, गुरुवारी सकाळी साडेनऊ. आणि म्युनिकच्या मंडळाने कळवलं, की सप्टेंबरच्या त्यांच्या कार्यक्रमात झिंडेलफिंगेनचे तीन सिनेमे दाखवायचे आहेत. पत्रक छापायचंय, शुक्रवारपर्यंत लेखकाचं नाव कळवा. मंडळ चालणार नाही, माणूस हवा.

श्रीधर सांगायला घरी आला. चहा संपला तरी तो बशीत चमचा फिरवत होता.

“मी काय म्हणतो वहिनी, पद्माकरचं ते शिक्क्याचं असतंच. तर तात्पुरतं, फक्त म्युनिकपुरतं, माझं टाकू का?”

साधना स्टँडसमोर उभी होती. हातातला चिमटा तिने कपाटावर ठेवला. श्रीधरला नाही म्हणायचीसुद्धा तिला गरज पडली नाही. तिचा चेहरा बघून त्याला घरी काम आठवलं.

संध्याकाळी तिने नवऱ्याला सांगितलं, “म्युनिकच्या पत्रकावर माझं नाव येणार नसेल, तर हा माझा शेवटचा सिनेमा. मग शिडी मिळू दे नाहीतर हत्ती.”

“अगं, गुरुवारी शिक्का पडू दे. मग तुझं नाव टाक, मोठ्या अक्षरात टाक.”

“आणि नाही पडला तर?”

पद्माकर खिडकीशी जाऊन बाहेर बघत उभा राहिला. दाराच्या सीलवरची पावसाची चाचणी चालू असताना तो असाच उभा राहत असे.

गुरुवारी दोघं कचेरीत पोचली ती नऊ वाजता. पद्माकरच्या खांद्याला कारखान्याची मोठी पिशवी होती आणि ती चांगलीच जड दिसत होती. फॉर्म त्याने घरूनच पेन्सिलीने भरून आणला होता, वरून पेन फिरवायचं तेवढं बाकी. साधनाच्या फॉर्मवर व्यवसायाच्या रकान्यात नेहमीसारखं हाउसफ्राउ, म्हणजे गृहिणी, होतं.

“आज माझा मी भरते,” ती म्हणाली. तिने पर्समधलं नीलचं खोडरबर काढलं, हाउसफ्राउ पुसलं आणि पेनने, एकेक अक्षर नीट लावत लिहिलं : ड्रेबुखआउटोरिन. पटकथालेखिका.

पद्माकर तिच्या कानाशी वाकला. “साधना, प्लीज. आजच्या दिवस जाऊ दे.”

“आजचाच दिवस आहे,” ती म्हणाली, आणि तेवढ्यात त्यांचा नंबर लागला.

टेबलामागच्या बाईंचा चष्मा लाल होता आणि त्या एकही शब्द न बोलता कागद उलटत होत्या. साधनाच्या फॉर्मवर येऊन त्या थांबल्या.

“पटकथालेखिका? अच्छा! काय लिहिलंय तुम्ही?”

त्यांनी कौतुकाने विचारलं होतं. साधनाने तोंड उघडलं आणि तिच्या लक्षात आलं, की दाखवायला आपल्याजवळ काहीच नाही. नाव असलेलं एक पत्रक नाही, एक पाटी नाही. कुत्रा शेवटी घरी येतो ते बहुतेक माझे, असं म्हणायची वेळ आली होती.

तेव्हा पद्माकर उठला. पिशवीतून त्याने एक जाडजूड ऑर्डनर काढला, म्हणजे कचेऱ्यांत असते तशी कड्यांची फाईल, आणि टेबलावर ठेवून परीक्षेला उभा राहिल्यासारखा घडाघडा बोलू लागला. माझ्या पत्नीने नियमाचा कुठलाही भंग केलेला नाही. हे सर्व छंद म्हणून केलं आहे. प्रत्येकाची नोंद इथे क्रमवार आहे. एकदाही मोबदला घेतलेला नाही आणि पडद्यावर कुठेही तिचं नाव आलेलं नाही, याची मी स्वतः काळजी घेतली आहे. कृपया तपासा.

साधना ऑर्डनरकडे बघत राहिली. कचऱ्यात गेले म्हणून सोडून दिलेले तिचे कागद, सगळे, भोकं पाडून, ओळीने लावलेले होते. चिमट्यांचे वळसुद्धा दिसत होते.

बाईंनी पहिलं पान उघडलं. मराठी त्यांना कुठून कळणार? पण काड्यांची माणसं कळत होती. एक काडी दाराला पाटी ठोकते. दुसरी काडी पाटीला कुंकू लावते. जिन्यावर कचरा वाढतो. एक जाडी काडी खालून स्क्रूड्रायव्हर घेऊन येते. बाईंच्या खांद्यांना आधी हलका हिसका बसला, मग त्यांनी चष्मा काढला आणि डोळे पुसले. “ही तर माझी सासू!” त्या म्हणाल्या आणि त्यांनी शेजारच्या टेबलावरच्या माणसालाही बोलावलं. दोघांनी मिळून शिडीचा सिनेमा बघितला, सायकलचा बघितला. बाहेर खुर्च्यांवर माणसं खोळंबली होती.

“पण नाव का नाही घातलं?” शेवटी बाईंनी विचारलं.

“शिक्क्यामुळे,” पद्माकर म्हणाला. “परवानगी नव्हती ना.”

“फुकट लिहिलेल्या गोष्टीवर नाव घालायला? मंडळाच्या कार्यक्रमात? त्याला कुणी मनाई केली होती?”

पद्माकर उभाच होता. त्याने आठवून बघितलं. कारखान्यात, मंडळात, या कचेरीत, पाच वर्षांत कुणी एकदा तरी तसं म्हटलं होतं का?

“कुणी नाही,” तो म्हणाला.

परवाना मिळाला. पासपोर्टातल्या त्या लांबलचक वाक्यातून ‘निष्ट’, म्हणजे ‘नाही’, तेवढा गेला होता. एवढासा शब्द, पण पाच वर्षं घरात ठाण मांडून बसला होता.

बसथांब्यावर साधनाने ऑर्डनर मांडीवर घेऊन उघडला. प्रत्येक सिनेमाच्या पहिल्या पानावर, उजव्या कोपऱ्यात, पद्माकरच्या ठसठशीत अक्षरात क्रमांक होता, तारीख होती आणि खाली दोन ओळी. लेखिका : साधना टिपणीस. मानधन : शून्य. शेवटचा क्रमांक एकाहत्तर. तिला वाटत होतं, फार तर पन्नास.

“पाच वर्षं माझं नाव फायलीत कोंडून ठेवलंत,” ती म्हणाली.

“बाहेरचं पाणी आत येऊ नये, एवढंच बघत होतो गं.”

“आणि आतलं माणूस बाहेर येत नव्हतं, ते?”

बस आली. दोघं शेजारी बसली, पण ऑर्डनर साधनाने मधे ठेवला. ती खरंच रागावली होती, आणि रागवायचा तिला पुरता हक्क होता. शुक्रवारी तिने स्वतः म्युनिकला फोन करून नाव कळवलं. त्यानंतर आठवडाभर घरात बोलणं झालं ते दूध आणि कचऱ्याच्या वारापुरतंच. दोन्ही मुलं आईबाबांकडे आळीपाळीने बघत जर्मनमधून कुजबुजत होती. मग महिनाभर पद्माकर आणि नील संध्याकाळी संगणकाची खोली लावून आत बसू लागले. अन्वीला विचारलं तर ती ओठांवर बोट ठेवायची.

सप्टेंबरात मंडळाचा गणपतीचा कार्यक्रम झाला. हॉल तोच, वडे तेच. पद्माकर आयुष्यात पहिल्यांदा माइकजवळ गेला, ‘आल्झो’, म्हणजे ‘तर मग’, म्हणाला, पुढचं विसरला आणि सरळ प्रोजेक्टर सुरू करून खाली येऊन बसला.

पडद्यावर काळी पाटी आली. क्रमांक एक. पाटी. लेखन : साधना टिपणीस. ती सहा सेकंदं राहिली. मग दुसरी आली. क्रमांक दोन. शिडी. लेखन : साधना टिपणीस. लोकांनी टाळ्या वाजवल्या. तिसरी, चौथी. दहाव्या पाटीला टाळ्या थांबल्या, पंधराव्याला श्रीधर खुर्चीत चुळबुळ करू लागला. वीस झाल्यावर लोकांच्या लक्षात आलं, की हा गृहस्थ सगळ्या दाखवणार आहे. तिसाव्याला मागच्या रांगेतल्या मुलांनी मोठ्याने आकडे मोजायला घेतले, अर्थातच जर्मनमधून. चाळिसाव्यापासून त्यांच्या आया मोजू लागल्या. साठाव्याला हॉयझेल आजीही मोजत होत्या आणि श्रीधर सगळ्यांत मोठ्याने मोजत होता. पडद्यावर दुसरं काही घडतच नव्हतं. एक नाव जात होतं आणि तेच नाव येत होतं. साधनाने या वेळी पिशवीत काही शोधलं नाही. ती मान वर करून बघत होती आणि तिच्या गालांवरून पाणी ओघळत होतं, ते पुसायचं तिला सुचत नव्हतं.

एकाहत्तर झाले. सात मिनिटं आणि वर काही सेकंदं. दिवे लागले तेव्हा पद्माकर तिच्याकडे वळला. बायकोचा पाच मिनिटांचा नियम त्याला पाठ होता आणि नियम मोडल्याची भीती त्याच्या चेहऱ्यावर स्पष्ट होती.

“जरा लांबलं का गं?” त्याने विचारलं. “म्युनिकला न्यायचंय. कापू थोडं?”

“एक पाटी कापलीत तर बघा,” साधना म्हणाली. मग तिने नाक पुसलं आणि त्याला वडे आणायला पाठवलं.